ज्यानचा ग्रंथ आणि तारण संवत्सर

काही वर्षांपूर्वी एम. ए.च्या एका विद्यार्थिनीने पुराणांतील कालकल्पना आणि मराठी संतकाव्य या विषयावरची प्रबंधिका आमच्याकडे तपासायला दिली. काम मनापासून केलेले होते. शेवटी संदर्भसूची होती आणि तिच्या ‘मूळ ग्रंथ’ या विभागात विष्णुपुराण, सूर्यसिद्धान्त, ज्ञानेश्वरी यांच्या पंक्तीला एक नाव बसलेले होते: ‘ज्यानचा ग्रंथ (ताडपत्र, अतिप्राचीन)’. कर्ता नाही, संपादक नाही, हस्तलिखित कोणत्या संग्रहात आहे याचा पत्ता नाही. आमच्यापैकी एकजण संतसाहित्य आणि पाठचिकित्सा शिकवतो. त्याने त्या नोंदीवर लाल रेघ मारली. दुसरा समीक्षा शिकवतो. तो म्हणाला, रेघ मारण्याआधी हे पुस्तक आहे तरी काय ते एकदा नीट पाहू. प्रस्तुत लेख त्या पाहण्यातून निघाला आहे, आणि त्या लाल रेघेविषयी आमचे आजही पूर्ण एकमत नाही हे आरंभीच सांगून टाकतो.

ज्यानचा ग्रंथ हा शब्दप्रयोग जगाला माहीत झाला तो हेलेना पेत्रोव्ना ब्लाव्हाट्स्की यांच्या ‘द सीक्रेट डॉक्ट्रिन’ या १८८८ साली लंडनहून दोन खंडांत निघालेल्या ग्रंथामुळे. पहिल्या खंडात विश्वाची उत्पत्ती आहे, दुसऱ्यात मानवाची. दोन्ही खंडांची रचना आपल्या टीकाग्रंथांसारखी आहे. आधी मूळ ‘स्टॅन्झा’, पहिल्या खंडात सात आणि दुसऱ्यात बारा, आणि मग त्यांवरचे विस्तृत भाष्य. ब्लाव्हाट्स्कीबाईंच्या सांगण्याप्रमाणे ही स्टॅन्झा म्हणजे एका आदिम हस्तलिखिताचा अनुवाद आहे. ते ताडपत्रांवर असून काही अज्ञात प्रक्रियेने त्या पत्रांवर पाणी, अग्नी आणि वायू यांचा परिणाम होत नाही. पहिल्या पानावर काळ्या पार्श्वभूमीवर एक पांढरे वर्तुळ आहे आणि दुसऱ्यावर त्याच वर्तुळात मध्यबिंदू. भाषा ‘सेन्झार’, म्हणजे जगाच्या आरंभीच्या पुरोहितांची गुप्त भाषा. ‘ज्यान’ हा शब्द बाई संस्कृत ‘ध्याना’शी जोडतात. या भाषेचा दुसरा एकही नमुना कोणत्याही भाषावैज्ञानिकाच्या हाती आजवर लागलेला नाही.

इथे एक बारकावा नोंदवण्याजोगा आहे. बाईंचा आधीचा मोठा ग्रंथ ‘आयसिस अनव्हेल्ड’ १८७७ साली न्यूयॉर्कला प्रसिद्ध झाला. त्याचाही आरंभ एका अतिप्राचीन ग्रंथाच्या उल्लेखानेच होतो. मात्र तेव्हा तो ग्रंथ या विस्तीर्ण जगात कुठेतरी आहे, एवढेच सांगितले होते. अकरा वर्षांनी तो लेखिकेच्या डोळ्यांसमोर आलेला आहे, त्याच्या पानांवरची चिन्हेही आपल्याला दाखवली जात आहेत. या अकरा वर्षांत मध्ये काय घडले? मध्ये मुंबई घडली.

पण आधी त्या स्टॅन्झांत काय आहे ते थोडक्यात सांगितले पाहिजे, कारण विषय कालाचा आहे. पहिल्या स्टॅन्झेत सृष्टीपूर्व अवस्थेचे वर्णन आहे. आदिमाता आपल्या अदृश्य वस्त्रांत निजलेली आहे, काल नाही, मन नाही, कार्यकारणे नाहीत, जाणणारा कोणी नाही. नकारांची ही माळ वाचताना आपल्याकडच्या वाचकाला नासदीय सूक्त आठवल्यावाचून राहणार नाही. बाईंनाही ते आठवले होते, कारण त्या सूक्ताचा इंग्रजी पद्यानुवाद स्टॅन्झांच्या तोंडाशीच छापलेला आहे. वेगळेपण आहे ते एका ठिकाणी. ही निद्रा ‘सात अनंतकाळ’ चालली, असे स्टॅन्झा म्हणते. अनंताला संख्या लावावी हा विचार विलक्षण खरा. भाष्यात त्याचा उलगडा येतो, तो ब्रह्मदेवाच्या शंभर वर्षांचा, म्हणजे ३१,१०,४०,००,००,००,००० मानवी वर्षांच्या महाकल्पाचा. ही संख्या गूढ नाही. एक हजार महायुगांचा एक दिवस, तेवढीच रात्र, अशी तीनशे साठ अहोरात्रे म्हणजे एक वर्ष आणि अशी शंभर वर्षे. पुराणे वाचणाऱ्या कोणाही माणसाला ती बोटांवर करता येते. एच. एच. विल्सन यांनी केलेला विष्णुपुराणाचा इंग्रजी अनुवाद तर १८४० पासून छापील स्वरूपात उपलब्ध होता.

ब्लाव्हाट्स्की आणि कर्नल ऑल्कॉट १६ फेब्रुवारी १८७९ रोजी मुंबई बंदरात उतरले आणि गिरगावात राहू लागले. ‘द थिऑसॉफिस्ट’ हे मासिक त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये मुंबईतून सुरू झाले, आणि १८८२च्या अखेरीस त्यांनी आपले बिऱ्हाड मद्रासजवळच्या अड्यारला हलवले. म्हणजे जेमतेम चार वर्षे. पण या चार वर्षांत त्यांच्याभोवती जी माणसे जमली त्यांच्याकडे आपल्या वाङ्मयेतिहासाने पुरेसे लक्ष दिलेले नाही. तुकाराम तात्या पडवळ हे त्यांतले एक. ‘जातिभेद विवेकसार’ या १८६१ सालच्या पुस्तकाचे हे कर्ते, आणि त्या पुस्तकाची दुसरी आवृत्ती जोतीराव फुल्यांनी काढलेली. हेच तुकाराम तात्या पुढे थिऑसॉफिस्ट झाले आणि १८८९ साली त्यांनी तुकोबांच्या अभंगांची गाथा छापली. जातिभेदाची चिकित्सा, गूढविद्येची ओढ आणि वारकरी गाथेचे मुद्रण या तीन गोष्टी एका माणसात नांदू शकत होत्या. आपण आज विद्यार्थ्यांना प्रबोधनाचे जे सरळ रेषेतले चित्र काढून दाखवतो त्यात हा माणूस बसत नाही, म्हणून बहुधा तो गाळला जातो.

दुसरे दामोदर मावळंकर. अहमदाबादच्या मराठी ब्राह्मण घरात १८५७ साली जन्मलेला हा तरुण मुंबईत १८७९ साली संस्थेत आला. त्याने जात सोडली, घरच्या मालमत्तेवरचा हक्क सोडला, मासिकाच्या कार्यालयात रात्रंदिवस राबला, आणि १८८५च्या आरंभी हिमालयापलीकडच्या गुरूंच्या शोधात अड्यारहून निघाला. दार्जिलिंगपर्यंत आणि पुढे सिक्कीमच्या हद्दीपर्यंत त्याचा माग लागतो. तो परत आला नाही. त्याचे वय तेव्हा सत्तावीस होते. ज्या अदृश्य गुरुपरंपरेच्या ताब्यात ज्यानचा ग्रंथ आहे असे बाई सांगत, त्याच परंपरेला भेटायला हा मुलगा निघाला होता. या कथेत कोणी काय गमावले याचा विचार करताना आम्हाला प्रथम तो आठवतो, मॅक्स म्यूलर नाही.

त्याच सुमारास अड्यारचे वातावरण बिघडलेले होते. संस्थेच्या आवारात राहणाऱ्या कूलोम दांपत्याने बाईंची म्हणून काही पत्रे मद्रासच्या ख्रिश्चन कॉलेजच्या नियतकालिकात सप्टेंबर १८८४ मध्ये प्रसिद्ध करवली. लंडनच्या सोसायटी फॉर सायकिकल रिसर्चने रिचर्ड हॉजसन यांना चौकशीसाठी पाठवले आणि डिसेंबर १८८५ मध्ये आलेल्या त्यांच्या अहवालाने बाईंना इतिहासातल्या अत्यंत कुशल तोतयांच्या रांगेत नेऊन बसवले. (शंभर वर्षांनी, १९८६ मध्ये, त्याच सोसायटीच्या नियतकालिकात व्हर्नन हॅरिसन यांनी हॉजसनच्या पद्धतीवर, विशेषतः हस्ताक्षरांच्या पुराव्यावर, कठोर टीका केली.) बाईंनी १८८५च्या मार्चअखेर हिंदुस्थान कायमचा सोडला. ‘सीक्रेट डॉक्ट्रिन’ त्यानंतर व्युर्झबर्ग, ओस्टेंड आणि लंडन येथे लिहिला गेला. प्रकृती ढासळलेली, लौकिक गेलेला, भोवती मोजकी माणसे. अशा वेळी ताडपत्रांची ती पोथी डोळ्यांसमोर आली.

पोथी कुणी पाहिली नाही. पण तिच्या भाष्यातल्या संख्या पाहता येतात, आणि संख्यांना एक चांगला गुण असतो: त्या कुठून आल्या ते बऱ्याचदा स्वतःच सांगतात. दुसऱ्या खंडात ब्राह्मणांच्या कालगणनेवर एक प्रकरण आहे. त्यात बाई एका छापील पंचांगाचा आधार घेतात. ते तमिळ असून त्याचे नाव ‘तिरुक्कण्ड पंचांग’ असे दिले आहे आणि ते कलियुगाच्या ४९८६व्या वर्षाचे आहे. बाईंच्या मते हे पंचांग असुरमयाच्या गुप्त आकड्यांच्या आधारे रचलेले असून त्यांच्या गूढ परंपरेशी ते जवळजवळ जुळते. त्यातून त्या आकडे देतात: विश्वाच्या उत्क्रांतीच्या आरंभापासून ‘तारण संवत्सरापर्यंत, म्हणजे १८८७ पर्यंत’ १,९५,५८,८४,६८७ वर्षे, मानवाच्या पहिल्या आविर्भावापासून १,६६,४५,००,९८७ वर्षे, इत्यादी.

आम्ही दोघेही गणिताचे नाही. तरी एका रविवारी कागद घेऊन बसलो. तारण हे साठ संवत्सरांतले अठरावे. दक्षिणेतल्या आणि आपल्याकडच्या गणनेने शके १७८९ हे प्रभव, म्हणून तारण येते शके १८०६ ला, म्हणजे इसवी १८८४-८५ मध्ये. १८८७ साली जो सुरू होता तो सर्वजित्. कलियुगाचे चालू वर्ष ४९८६ देखील १८८४-८५ शीच जुळते. म्हणजे पंचांग १८८४ चे आहे, बाई अजून हिंदुस्थानात असतानाचे. पुस्तक लिहिताना तीनेक वर्षे उलटली होती, म्हणून आकडा पुढे सरकवला आणि संवत्सराचे नाव मात्र जुनेच राहिले. पंचांग विकत घेणाऱ्या कुठल्याही मराठी घरातली आजी ही चूक करणार नाही. तारण संवत्सर तीन वर्षे टिकत नाही.

पुढचे अधिक मौजेचे आहे. सूर्यसिद्धान्ताप्रमाणे सृष्टी रचण्याचा काळ वजा करून चालू महायुगातल्या कृतयुगाच्या अंतापर्यंत १,९५,३७,२०,००० वर्षे होतात. त्यात त्रेतायुगाची १२,९६,००० आणि द्वापारयुगाची ८,६४,००० मिळवली की कलियुगाच्या आरंभी १,९५,५८,८०,००० येतात. त्यात १८८४-८५ पर्यंतची कलियुगाची गत वर्षे ४,९८५ घाला, वर ती दोन-तीन वर्षे घाला, तर शेवटचे अंक ९८७ किंवा ९८८ यायला हवेत. बाईंच्या आकड्यात ते ६८७ आहेत. तीनशे वर्षांची तूट! पण त्याच यादीतला मानवाच्या वयाचा आकडा ९८७ नेच संपतो. आमचा तर्क असा की कुठल्यातरी टप्प्यावर, नकलेत किंवा छापखान्यात, नवाचा सहा झाला. इंग्रजी नवाचा खिळा उलटा बसला की सहा होतो, हे जुन्या मुद्रितशोधकांना सांगायला नको. तर्क चुकीचा असू शकेल. मात्र हा आकडा सूर्यसिद्धान्ताच्या पद्धतीने काढलेला आहे आणि मध्ये कुठेतरी तो हातचुकीने बिघडला आहे, याबद्दल आम्हाला शंका नाही. अग्नी, पाणी आणि वायू यांना दाद न देणारे ताडपत्र नकलनविसाच्या डुलकीपुढे मात्र निरुपाय ठरले म्हणायचे.

आणि ते पंचांग तरी कितपत गुप्त असावे? ‘तिरुक्कण्ड’ हे ‘तिरुक्कणित’ या शब्दाचे रूप असावे असे आम्हाला वाटते. तमिळनाडूत दृक्प्रत्ययाने, म्हणजे प्रत्यक्ष वेधाशी ताडून केलेल्या पंचांगांना तो शब्द वापरतात. मद्रास वेधशाळेत काम करणारे चिंतामणी रघुनाथाचारी (मृत्यू १८८०) यांनी एकोणिसाव्या शतकात तिथे अशा दृग्गणित पंचांगाचा पुरस्कार केला होता. त्यांच्या नावावर १८६७ साली एका रूपविकारी ताऱ्याचा शोधही आहे. आमची ओळख बरोबर असेल, तर असुरमयाच्या गुप्त पत्रांतून उतरलेले म्हणून जे सांगितले गेले ते मद्रासेतल्या दुर्बिणीशी मेळ घालणाऱ्या नव्या पद्धतीच्या पंचांगांपैकी एक होते.

याहून साधी गोष्ट म्हणजे ज्याला कालाचे गूढ ज्ञान म्हटले, ते आपल्याकडे सत्यनारायणाच्या पूजेला बसलेल्या प्रत्येक यजमानाच्या तोंडून वदवले जात होते. संकल्पात कल्पाचे नाव येते, मन्वंतराचे येते, अठ्ठाविसाव्या महायुगातल्या कलीचा पहिला चरण येतो, संवत्सर, अयन, ऋतू, मास, पक्ष, तिथी असे उतरत उतरत आपण आपल्या घरातल्या पाटापर्यंत येतो. दोनशे कोटी वर्षांपासून आज सकाळच्या तिथीपर्यंतचा हा पल्ला भटजी एका दमात पुरा करतात आणि यजमान मनात नैवेद्याचा विचार करीत असतो. गूढ झाकून ठेवल्याने राहते असे नाही. रोज उच्चारूनही ते गूढच राहू शकते, हे बाईंच्या लक्षात आले नाही.

मात्र इथेच थांबलो तर अन्याय होईल. सूर्यसिद्धान्ताची स्वतःची चौकट काय आहे? कृतयुगाच्या अखेरीस मय नावाच्या असुराने तप केले आणि सूर्याच्या अंशपुरुषाने त्याला हे ज्योतिष सांगितले. म्हणजे आपला हा आकरग्रंथही आपला जन्म दिव्य उपदेशातच सांगतो. मग एकाला मूळ ग्रंथ म्हणायचे आणि दुसऱ्याला लाल रेघ मारायची, हे कोणत्या न्यायाने? समीक्षा शिकवणाऱ्याचा हा मुद्दा होता आणि तो सहज उडवून लावण्यासारखा नाही.

उत्तर सापडले ते शंकर बाळकृष्ण दीक्षितांकडे. त्यांचा ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ हा मराठी ग्रंथ १८९६ साली पुण्यात निघाला, ‘सीक्रेट डॉक्ट्रिन’नंतर अवघ्या आठ वर्षांनी. दीक्षितांनी सूर्यसिद्धान्ताच्या दिव्य उगमाशी वाद घातला नाही. त्यांनी वराहमिहिराच्या पंचसिद्धान्तिकेत सारांशरूपाने आलेला सूर्यसिद्धान्त आणि आज उपलब्ध असलेला सूर्यसिद्धान्त यांची मूल्ये समोरासमोर ठेवली आणि ती जुळत नाहीत, म्हणजे एकाच नावाचे दोन ग्रंथ झाले, हे दाखवले. चौकट काहीही असो, आतल्या मजकुराला वय आहे, पाठभेद आहेत, त्याच्यावर कुणीतरी टीका लिहिली आहे, कुणीतरी तो बदलला आहे. लोकमान्यांचा ‘ओरायन’ १८९३ चा. मृगशीर्षातल्या वसंतसंपातावरून त्यांनी वेदांचा जो काळ काढला तो आज फारसे कोणी स्वीकारीत नाही. पण तो का स्वीकारायचा नाही हे सांगता येते, कारण पुरावा मांडलेला आहे. ज्यानच्या ग्रंथाशी असे भांडता येत नाही.

पाठचिकित्सा शिकवणाऱ्याने मग दुसरी बाजू धरली: गुप्त पोथ्या खरोखरच असतात. महानुभावांचेच पाहा. सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत त्यांनी आपले ग्रंथ शतकानुशतके झाकून ठेवले आणि विसाव्या शतकाच्या आरंभी राजवाडे, भावे यांच्या प्रयत्नांनंतर ते बाहेरच्या अभ्यासकांना खुले होऊ लागले. उघडल्यावर काय दिसले? एक पोथी नव्हे, पोथ्यांचे ढीग. वेगवेगळ्या हातांच्या नकला, लेखनकालाच्या नोंदी, गुरुपरंपरा, पाठभेद. परंपरा सांगते की लीळाचरित्राची मूळ प्रत मुसलमानी स्वारीच्या धामधुमीत हरवली आणि मग ज्याला जसे आठवले तसे त्याने ते पुन्हा सिद्ध केले, म्हणून त्याचे निरनिराळे पाठ झाले. हरवलेले पुस्तक असे वागते. ते जाताना ठसे ठेवून जाते.

कालचक्र तंत्राचे उदाहरण तर विषयाला अगदी लागून आहे, कारण तेही कालाचेच शास्त्र आहे: बाहेरचा ग्रहगतींचा काल, शरीरातला श्वासाचा काल आणि साधनेतला तिसरा. बारा हजार श्लोकांचे मूलतंत्र शंभलाच्या सुचंद्र राजाने रचले अशी परंपरा आहे. ते आज उपलब्ध नाही. उपलब्ध आहे ते लघुतंत्र आणि त्यावरची ‘विमलप्रभा’ टीका. मात्र मूलतंत्राचा ‘सेकोद्देश’ हा भाग वाचला आहे आणि विमलप्रभेत मूलतंत्रातले श्लोक उद्धृत केलेले आहेत. डेव्हिड रिगल या अमेरिकन थिऑसॉफिस्ट अभ्यासकाने १९८३ साली दाखवून दिले की बाई ज्यांना ‘किउ-ते’चे ग्रंथ म्हणतात ते म्हणजे तिबेटी ‘ग्यु-दे’, अर्थात तंत्रविभागाचे ग्रंथ होत. ज्यानचा ग्रंथ म्हणजे कालचक्राचे हरवलेले मूलतंत्रच असावे, असेही अनुमान त्यांनी मांडले. हे श्रद्धावंताचे असले तरी अभ्यासकाला शोभणारे अनुमान आहे: पडताळून पाहता येईल असे. परंतु स्टॅन्झांचा मूळ पाठ म्हणून ओळखता येईल असा मजकूर कोणत्याही ज्ञात संस्कृत वा तिबेटी ग्रंथात अजून दाखवता आलेला नाही.

उलट बाजूची गतही फार वेगळी झाली नाही. विल्यम एमेट कोलमन या अमेरिकन टीकाकाराने १८९५ साली बाईंच्या ग्रंथांतली उचलेगिरी उघड केल्याचा दावा केला. ‘सीक्रेट डॉक्ट्रिन’ मुख्यतः विल्सनचे विष्णुपुराण आणि विंचेल यांचे ‘वर्ल्ड लाइफ’ यांवर उभा आहे हे त्याने सांगितले, आणि स्टॅन्झांचेही मूळ आपण जाहीर करू असे वचन दिले. ते वचन त्याने कधीच पुरे केले नाही. म्हणजे प्राचीन मूळ दाखवू म्हणणाऱ्याचे हात रिकामे आणि अर्वाचीन मूळ दाखवू म्हणणाऱ्याचेही. मग सर्वांत साधा निष्कर्ष उरतो: स्टॅन्झा ब्लाव्हाट्स्कींनी लिहिली.

हे एकदा म्हटले की मात्र समीक्षेचे दार उघडते. सापडलेल्या हस्तलिखिताची युक्ती कादंबरीइतकीच जुनी आहे. सर्व्हान्तेसने आपला नायक सिदे हामेते या काल्पनिक अरबी इतिहासकाराच्या वह्यांतून आणला. बाईंच्या आवडत्या बुल्वर-लिटनची ‘झनोनी’ (१८४२) ही कादंबरी तर सांकेतिक लिपीतल्या हस्तलिखिताच्या अनुवादाचाच आव आणते. फरक इतकाच की तिथे लेखक आणि वाचक यांच्यात एक समजुतीचा करार असतो, आणि इथे तो करार वाचकाला न सांगता मोडलेला आहे. पुढे एच. पी. लव्हक्राफ्टने ‘द हॉन्टर ऑफ द डार्क’ (१९३६) या कथेतल्या एका पडक्या चर्चच्या फळीवर ज्यानचा ग्रंथ आपल्या स्वतःच्या काल्पनिक ‘नेक्रॉनॉमिकॉन’च्या पंक्तीत ठेवून दिला. त्याने तो करार परत जागेवर आणला असे म्हणता येईल. येट्ससारखा कवी १८८८ साली बाईंच्या अंतर्मंडळात दाखल झाला होता. पोथी खरी की खोटी या प्रश्नापेक्षा त्याला तिच्यातली प्रतिमांची घडण महत्त्वाची वाटली असावी.

याउपर आमचे मतभेद सुरू होतात. समीक्षावाल्याचे म्हणणे असे की हे एकोणिसाव्या शतकातले एक मोठे गद्यकाव्य आहे आणि ते तसे वाचावे. पाठचिकित्सावाल्याचे म्हणणे असे की ज्या काळात वसाहतीतल्या सुशिक्षित तरुणाला आपल्या पूर्वजांच्या ज्ञानाची साक्ष एका युरोपीय बाईच्या तोंडून ऐकण्याची तहान लागली होती, त्या काळात अशी पोथी त्याच्या हाती देणे ही निव्वळ वाङ्मयीन युक्ती उरत नाही. दामोदर मावळंकर एखाद्या कादंबरीच्या शोधात सिक्कीमला गेला नव्हता.

आणि एक गोष्ट आम्हा दोघांनाही सारखीच लागली. ‘द व्हॉइस ऑफ द सायलेन्स’ या बाईंच्या १८८९ सालच्या छोट्या पुस्तकाच्या प्रस्तावनेत, ज्यान ज्या मालिकेतला त्याच मालिकेतल्या आणखी एका गुप्त ग्रंथाचा परिचय देताना, ज्ञानेश्वरीचा उल्लेख येतो. मोठ्या गौरवाने येतो. गूढग्रंथांत तिला राजाचे स्थान दिलेले आहे. पण ती गणलेली आहे संस्कृत ग्रंथांत! ज्या ग्रंथाने गीता मराठीत आणली, त्याच्या गौरवाच्या वाक्यातून मराठीच गळून गेली. मुंबईत चार वर्षे राहिलेल्या, तुकाराम तात्यांसारख्या माणसाच्या सहवासात वावरलेल्या बाईंना हे सांगणारे कोणी नव्हते असे कसे म्हणावे? आम्हाला वाटते, त्यांच्या प्राचीनतेच्या चित्रात देशी भाषेला जागाच नव्हती. ज्ञानेश्वरीचा रचनाकाल ग्रंथातच सांगितलेला आहे, शके १२१२. शके १५०६ मध्ये एकनाथांनी भ्रष्ट झालेल्या प्रती जमवून तिची शुद्ध प्रत सिद्ध केली, तसे लिहून ठेवले, आणि पुढे कोणी तिच्यात स्वतःची ओवी घुसडू नये अशी ताकीदही देऊन ठेवली. नाथांची ही कृती म्हणजे पोथी बिघडते याची कबुली आहे, आणि बिघडलेली पोथी माणसानेच दुरुस्त करायची असते याचीही. न बिघडणाऱ्या ताडपत्राला संपादकाची गरज कधीच पडली नसती.

विद्यार्थिनीशी हे सारे बोलणे झाले. ती शांतपणे ऐकत होती. शेवटी तिने विचारले, “सर, मग मी ते नाव काढून टाकू का?” तिने ते ज्या पानावर वापरले होते तिथला तिचा मुद्दा चुकीचा नव्हता. काल नसलेल्या अवस्थेचे वर्णन करायला भाषा नकारांचाच आश्रय का घेते, हा तो प्रश्न होता आणि त्यासाठी तिने अमृतानुभवाशी तुलना केली होती. नोंद काढायची नाही, हलवायची, असे ठरले. संदर्भसूचीच्या ‘आधुनिक इंग्रजी ग्रंथ’ या विभागात ब्लाव्हाट्स्की, हे. पे., लंडन, १८८८ अशी ती आता आहे. तारण संवत्सराची तळटीप तिने स्वतः तपासून लिहिली, आणि आमच्या बेरजेत एके ठिकाणी राहिलेला हातचा तिनेच दाखवून दिला.